उपासाच्या दिवशीचे मतदान

पोटनिवडणुकीची तारीख न्यू टोल्स्टा गावात सर्वांत आधी कळली ती जेसी मॅक्लेननला. दुकान तिचे, पोस्ट तिचे, आणि किनाऱ्यावरच्या सगळ्या टेलिफोनच्या तारा तिच्याच भिंतीवरच्या खोक्यात येऊन मिळायच्या. निरोप खरे तर गिरणीच्या मॅनेजरसाठी होता. त्याला तो संध्याकाळी मिळाला. त्याआधी जेसी दुकान उघडे टाकून चढण चढून पाळकांच्या घरी पोहोचली होती.

"पाळकसाहेब, तारीख लागली!"

या निवडणुकीचे उमेदवार रेव्हरंड टॉर्क्विल निकल्सन बटाट्याच्या वाफ्यात उभे होते. "कधी?"

"ऑगस्टचा शेवटचा गुरुवार. सकाळी आठ ते संध्याकाळी पाच. शाळेत."

निकल्सननी फावडे जमिनीत रोवले. "पुन्हा सांग."

"शेवटचा गुरुवार म्हटलं ना मी. अहो, आनंद तरी करा जरा. एवढ्या लवकर लावतील असं वाटलं नव्हतं..."

"जेसी, तो आपल्या उपासाचा दिवस आहे."

जेसीचे तोंड उघडेच राहिले. मग ती हळूच म्हणाली, "अरे देवा," आणि पाळकांसमोर देवाचे नाव उगाच घेतले म्हणून स्वतःच तोंडावर हात ठेवला.

न्यू टोल्स्टात प्रभुभोजन वर्षातून दोनदाच व्हायचे आणि प्रत्येक वेळी ते पाच दिवस चालायचे. गुरुवारी उपास, शुक्रवारी पुरुषांचा प्रश्नाचा दिवस, शनिवारी तयारी, रविवारी प्रभुभोजन आणि सोमवारी आभार. शेजारच्या खाड्यांमधून माणसे होड्यांनी यायची आणि घराघरांत जमिनीवर झोपायची. त्यातला गुरुवार म्हणजे दुसरा रविवारच. जाळी पाण्यात पडत नसत, लाकूड फुटत नसे, दुकान बंद असे, विहिरीचे पाणीसुद्धा आदल्या दिवशी भरून ठेवले जाई. तीन वर्षांपूर्वी बांगड्यांचा मोठा थवा नेमका उपासाच्या दिवशी खाडीत शिरला आणि दोघा भावांनी जाळी ओढली, तेव्हा निकल्सननीच व्यासपीठावरून त्यांची नावे घेतली होती. दोघांना मंडळीसमोर उभे राहून माफी मागावी लागली. त्या वर्षी पुन्हा बांगडा आला नाही, हेही लोकांच्या लक्षात होते.

तारखा वसंतातच ठरलेल्या, व्यासपीठावरून जाहीर झालेल्या, पाहुण्या उपदेशकाला कळवलेल्या. आता त्या हलवायच्या कशा? आणि ज्या पाळकाने गुरुवारी मासे धरू दिले नाहीत, त्याने गुरुवारी मते गोळा करायला माणसे पाठवायची?

*

टॉर्क्विल निकल्सन जन्मले स्कॉटलंडच्या लुईस बेटावर. आजूबाजूला जळणासाठी खणायची पीटची दलदल, समुद्र आणि पाऊस. वडील मासेमारीला गेले ते परतले नाहीत, तेव्हा टॉर्क्विल सात वर्षांचे होते. एकोणिसाव्या वर्षी कॅनडात आले आणि पहिली पाच वर्षे उत्तर ऑन्टॅरिओच्या जंगलात कुऱ्हाड चालवली. त्यांचे तळहात शेवटपर्यंत लाकूडतोड्याचे राहिले. नवख्या पाळकांशी हस्तांदोलन करताना ते मुद्दाम जोर लावत, असा त्यांच्यावर आरोप होता आणि तो खरा होता. धर्मशास्त्र ते माँट्रियलमध्ये शिकले, रात्री वखारीत पहारा करून. गेलिक बोलणारा पाळक हवा म्हणून केप ब्रेटनच्या या किनाऱ्याने त्यांना बोलावले, आणि ते आले.

'बोलावले' हा शब्द इथे महत्त्वाचा. प्रेसबिटेरियन पाळक नोकरी मागत नाही. मंडळी त्याला बोलावणे पाठवते, त्यावर सगळ्यांच्या सह्या असतात, मगच तो येतो. स्वतःहून व्यासपीठ मागणारा माणूस तेवढ्यानेच नापास. निकल्सन याच वळणात वाढलेले आणि त्यांना निवडणूक लढवायची होती.

कारण मेरी-बेल मॅक्डर्मिड. फेब्रुवारीत तिच्या बाळंतपणात गुंतागुंत झाली. डॉक्टर शहरात, मध्ये डोंगर, रस्ता बर्फाखाली. नवरा आणि निकल्सन तिला स्लेजमधून घेऊन निघाले. घोडा चढावर दोनदा बसला. उताराला लागण्याआधीच ती गेली आणि तिच्यामागून मूल. निकल्सन तसेच पुढे शहरात गेले, तिथून आगगाडीने राजधानीत, आणि किनाऱ्यासाठी सरकारी पगारावर एक डॉक्टर द्या असे सांगायला कार्यालयात जाऊन बसले. एका अधिकाऱ्याने त्यांना चहा दिला आणि किनाऱ्यावर मतदार किती आहेत ते विचारले.

घरी परतल्यावर ते बायकोला एवढेच म्हणाले, "तिथे माणसं मोजत नाहीत. मतं मोजतात."

त्याच मे महिन्यात या मतदारसंघाचे म्हातारे आमदार वारले. निकल्सन अपक्ष म्हणून उभे राहिले. विरोधी पक्षाने आपला माणूस दिला नाही, त्यामुळे लढत सरळ झाली. समोर सत्तेतल्या पक्षाचे बर्टन क्रीलमन, शहरातले वकील. माणूस वाईट नव्हता. त्यांच्याकडे तीन मोटारी होत्या, त्यांतल्या दोन कोणाच्या तरी मागून आणलेल्या, आणि तिन्हींच्या मागच्या सीटखाली रम असायची.

प्रेसबिटरीने, म्हणजे आसपासच्या सगळ्या चर्चांवरच्या मंडळाने, निकल्सनना एकच अट घातली. उभे राहा, पण निवडून आलात तर त्या दिवसापासून न्यू टोल्स्टाचे व्यासपीठ सोडायचे. व्यासपीठाबरोबर घरही, कारण ते मंडळीचे.

"म्हणजे जिंकलात तर बेघर," केट-अ‍ॅनबाई म्हणाल्या. त्या पाळकांच्या पत्नी. तोलून मापून बोलणे त्यांच्या स्वभावात नव्हते. "राहायचं कुठे आपण? विधानसभेच्या पायरीवर?"

"डॉक्टर आला तर त्याच्या दवाखान्यात राहू."

"आजारी पडून?"

*

प्रचार सुरू झाला आणि पहिल्याच आठवड्यात लक्षात आले की या उमेदवाराला स्वतःच्या गावात प्रचार करताच येत नाही.

निकल्सन दारात दिसले की घरात पळापळ व्हायची. पत्ते उशीखाली, बाटली पिठाच्या पिंपात, बायबल टेबलावर. मुले उंचीनुसार ओळीत उभी. पाळक घरी आले म्हणजे मुलांची धर्माची प्रश्नोत्तरी घ्यायला, हा वर्षानुवर्षांचा रिवाज. ते "मी आज वेगळ्या कामासाठी आलोय" म्हणेपर्यंत धाकटे पोर "मनुष्याचा मुख्य हेतू काय" याचे उत्तर अर्धे म्हणून झालेले असायचे. मग ते पूर्ण ऐकावे लागे. मग प्रार्थना. मग लोणी लावलेले ओटचे बिस्किट आणि चहा. आणि मत मागायचे राहूनच जायचे.

शाळेतल्या सभेत तर ते उभे राहिले आणि म्हणाले, "मी इथे मतं मागायला आलेलो नाही."

पहिल्या बाकावरून केट-अ‍ॅनबाई सगळ्यांना ऐकू जाईल अशा कुजबुजत्या आवाजात म्हणाल्या, "मग काय मासळी विकायला आलात?"

सभा हसली. सगळे हसले, हसले नाहीत ते फक्त नॉर्मन मॅकऑले. नॉर्मन हे चर्चच्या ज्येष्ठांमधले सर्वांत ज्येष्ठ, शिवाय स्तोत्र सांगणारे. आमच्या चर्चमध्ये वाद्य नसते. एक माणूस पुढे उभा राहून स्तोत्राची ओळ म्हणतो आणि सगळी मंडळी ती लांबवत, वळसे घेत मागून गाते. हे काम नॉर्मन तीस वर्षे करत होते. उंच, वाळलेले, मीठ लागलेल्या दोरखंडासारखे. निकल्सनना बोलावणे पाठवले गेले तेव्हा त्यावर पहिली सही त्यांचीच होती.

सभेनंतर ते जवळ आले. "पाळकसाहेब, तुम्ही मतं मागितली नाहीत, ते बरं केलंत."

"का बरं?"

"मागितली असतीत तर नाही म्हणणं अवघड गेलं असतं," नॉर्मन म्हणाले आणि टोपी घालून निघून गेले. केट-अ‍ॅनबाईंनी निकल्सनना सांगितले की नॉर्मनची ही विनोद करायची पद्धत असावी. नॉर्मनने विनोद केल्याचे यापूर्वी कोणाला आठवत नव्हते.

मतदारसंघाच्या दुसऱ्या टोकाला, डोंगराच्या पलीकडे, पेटिट आन्स हे फ्रेंच बोलणारे कॅथलिक मासेमारांचे गाव. तिथे निकल्सनना कोणी घाबरत नव्हते, कारण ते त्यांचे कोणीच नव्हते. गावचे पाद्री फादर प्लासिड ओक्वें यांनी त्यांना थेट स्वयंपाकघरात बसवले, खारवलेल्या कॉड माशाची आणि बटाट्याची ताटली पुढे केली आणि मोडक्या इंग्रजीत चौकशी सुरू केली.

"तुम्ही जिंकलात तर आमच्यापैकी कोणाला प्रेसबिटेरियन करणार नाही ना?"

"माझ्याच लोकांना करताना दमलोय मी, फादर."

"मग डॉक्टर आणणार?"

"आणणार."

"राहणार कुठे तो? तुमच्याकडे की आमच्याकडे?"

"मध्ये. डोंगराच्या पायथ्याशी. दोन्हीकडून सारखंच अंतर."

फादरनी काटा खाली ठेवला. "आमच्याकडे या हिवाळ्यात चौघं गेली. दोन लहान होती. क्रीलमन आले होते, त्यांनी रम दिली. रम चांगली होती." मग ते हसले. "तुमच्यात पाळकाला बायको असते ना? मग तुम्हाला बाळंतपण म्हणजे काय ते तरी माहीत असेल. माझी माणसं तुम्हाला मत देतील. फक्त उपदेश करू नका. ते काम माझं."

परतीच्या वाटेवर निकल्सन गाणे गुणगुणत होते, असे त्यांना सोडायला आलेल्या होडीवाल्याने नंतर सांगितले. पण जेसीच्या हिशोबाने पेटिट आन्स पुरेसे नव्हते. गिरणीच्या गावात क्रीलमनना मोठी आघाडी मिळणार होती. ती भरून निघायची तर न्यू टोल्स्टाच्या भरभरून मतांवर. आणि न्यू टोल्स्टा त्या दिवशी उपासाला बसणार होते.

*

पाळक या प्रश्नाचा निर्णय करू शकत नव्हते. तो त्यांच्याच फायद्याचा होता. ज्येष्ठांची सभा पाळकाशिवाय भरत नाही. म्हणून बुधवारी दुपारी, प्रभुभोजनासाठी होडीने आलेले पाहुणे उपदेशक रेव्हरंड फारकर गन यांना चहासुद्धा न देता अध्यक्षस्थानी बसवण्यात आले. गन प्रिन्स एडवर्ड बेटावरचे. त्यांचे दोन गुण सर्वांना माहीत होते. एक, पाळकाने राजकारणात जाणे त्यांना मुळीच पसंत नव्हते. दुसरा, त्यांचे उपदेश लांब असत.

निकल्सन बाहेर अंगणात लाकडे रचत होते. खिडक्या उघड्या होत्या, आणि खिडक्यांखाली भिंतीला टेकून गावातल्या निम्म्या बायका वाटाणे सोलत बसल्या होत्या. एवढे वाटाणे त्या वर्षी कोणाकडे पिकले होते कोण जाणे.

आतून आवाज येत होते.

"उपासाच्या दिवशी फक्त गरजेचं आणि दयेचं काम करायचं," एक ज्येष्ठ म्हणाले. "मतदान यातलं कुठलं?"

"गाय व्यायली तर गोठ्यात जातोस की नाही?"

"क्रीलमन म्हणजे गाय आहे का?"

"डॉक्टर नाही म्हणून बाई मेली, तर डॉक्टरसाठी मत देणं हे दयेचं काम नाही?"

"आणि मग बांगड्याच्या दिवशी त्या पोरांनी काय केलं होतं? घरात पीठ नव्हतं त्यांच्या!"

खिडकीखालच्या बायकांचे हात थांबले.

मग नॉर्मन मॅकऑले बोलले. "रविवार देवाने नेमला. उपासाचा गुरुवार नेमला आपण, या खोलीत बसून. देवाने नेमलेल्यात आपल्याला फेरफार करता येत नाही. आपण नेमलेल्यात येतो." ते थांबले. "माझं म्हणणं, आराधना संपल्यावर ज्याला जायचं त्याने जावं. पण काही अटी घाला. आशीर्वाद होण्याआधी कोणी उठायचं नाही. कोणाच्या मोटारीत बसायचं नाही. वाटेत प्रचार नाही, खाणं नाही, पिणं नाही. उपास तो उपास."

"मला हे सगळंच आवडलेलं नाही," गन म्हणाले. "पण यात नियमभंग काही दिसत नाही. ठराव मंजूर."

"रेव्हरंड, एक विचारू?" कोणी तरी नरमाईने म्हणाले. "उद्याचा उपदेश किती वेळ चालेल?"

"ते माझ्या हातात नाही. ते पवित्र आत्म्याच्या हातात."

"मग पाचला मतदान बंद होतं, एवढं त्याच्या कानावर घालून ठेवा."

*

गुरुवारी आराधना दुपारी सुरू झाली, कारण लांबच्या खाड्यांच्या होड्यांना भरतीची वाट पाहावी लागली. चर्चमध्ये मुंगीला जागा नव्हती. सगळे काळ्या कपड्यांत, सगळे उपाशी. फारकर गन व्यासपीठावर चढले, घड्याळ काढून समोर ठेवले आणि मग, मागच्या बाकावरच्या जेसीने पाहिले, ते पालथे घातले.

त्यांनी बायबलातला, माशाने गिळलेला संदेष्टा योना घेतला. निनवेच्या लोकांचा उपास, राजापासून गुराढोरांपर्यंत. पहिला तास निनवेत पोहोचेपर्यंतच गेला. दुसऱ्या तासात बाहेर रस्त्यावर क्रीलमनच्या मोटारी आल्या आणि भोंगे वाजवत गेल्या. कोणी मान वळवली नाही. सूर्य खिडकीच्या एका चौकटीतून दुसऱ्या चौकटीत गेला. गन योनाला माशाच्या पोटातून बाहेर काढून पुन्हा आत घालत होते. निकल्सन पहिल्या बाकावर ताठ बसले होते. त्यांच्या कानशिलावरची शीर उडताना बाजूच्या बाकावरून दिसत होती. केट-अ‍ॅनबाईंनी हातमोजे काढले, घातले, काढले.

कोणी उठले नाही. उपदेश चालू असताना आमच्या चर्चमधून माणूस फक्त चक्कर आली तरच बाहेर जातो. मॅक्डर्मिड म्हातारीने चक्कर आणायचा विचार केला होता, असे तिने नंतर कबूल केले. पण तिला खोटे खोटे पडता येईना.

चार वाजून गेल्यावर गन म्हणाले, "आणि आता, तिसरा आणि शेवटचा मुद्दा." चर्चभर एक श्वास सुटला.

तिसरा मुद्दा संपला तेव्हा साडेचार होत आले होते. आता राहिले स्तोत्र आणि आशीर्वाद. आणि शाळा टेकडीच्या पलीकडे, झपाझप चालले तरी पंधरा मिनिटांवर.

स्तोत्राच्या आठ ओळी. आमच्या पद्धतीने गायले तर तेवढ्याला वीस मिनिटे लागतात. नॉर्मन मॅकऑले उभे राहिले. सगळ्या चर्चची नजर त्यांच्या पाठीवर. त्यांनी घसा साफ केला आणि अशा चालीत ओळ टाकली की मंडळी पहिल्याच शब्दावर मागे पडली. वळसे नाहीत, लांबवणे नाही. होडी वल्हवताना म्हणतात तसे नॉर्मन स्तोत्र म्हणत होते. दुसऱ्या ओळीला मंडळीने त्यांना गाठले. तिसरीला चर्चचे छत हलते की काय असे वाटले. तोवर न्यू टोल्स्टात स्तोत्र इतक्या वेगाने कोणी गायले नव्हते. फारकर गन तोंड उघडे टाकून पाहत होते, आणि भानावर येऊन आशीर्वाद देईपर्यंत मागचे दार उघडलेसुद्धा होते.

उपासाच्या दिवशी पळणे शोभत नाही, म्हणून कोणी पळाले नाही. पण अशी चाल त्या टेकडीने कधी पाहिली नव्हती. काळ्या कोटांची आणि काळ्या टोप्यांची रांग चढण चढत होती. नॉर्मन सर्वांच्या पुढे, पाय लांब लांब टाकत. मॅक्डर्मिड म्हातारी, मेरी-बेलची सासू, चढाला थांबली, तेव्हा कोणी तरी शेणखताची ढकलगाडी आणली.

"गाडी ढकलणं काम झालं ना रे?" ती म्हणाली.

"दयेचं काम आहे, आजी. बसा!"

टेकडीच्या माथ्यावर क्रीलमनची मोटार उभी होती. ड्रायव्हर शहरातला. त्याने म्हातारीला ढकलगाडीत पाहून दार उघडले. "या आजी, मोटारीत बसा."

"कोणाची मोटार?"

"क्रीलमनसाहेबांची."

"आज उपास आहे माझा."

"मोटार खायची नाहीये, आजी, नुसतं बसायचंय!"

"चल रे, ढकल," म्हातारी म्हणाली.

शाळेत मतपेटीशी बसलेला मास्तर दिवसभर जवळजवळ रिकामाच होता. क्रीलमनचा माणूस त्याच्याशी सोंगट्या खेळत होता. त्याने खिडकीतून बाहेर पाहिले आणि सोंगटी हातातच राहिली. "हे सगळे कुठून आले?" तो म्हणाला. मग घाईने मोटारीकडे गेला आणि शहरात निरोप धाडला की संपले, पाळकाने सगळे गाव आणले.

पाचला मास्तरने दार बंद केले. तोवर शेवटची ढकलगाडीसुद्धा आत होती. आत आलेल्या प्रत्येकाला मत देता येते, आणि प्रत्येकाने दिले.

निकल्सन स्वतः गेले नाहीत. स्वतःच्या नावापुढे खूण करणे म्हणजे व्यासपीठ मागण्यासारखेच, असे त्यांना वाटले. ते रिकाम्या चर्चमध्ये गनबरोबर खिडक्या बंद करत होते.

"एका मताने पडलास तर?" गन म्हणाले.

"तर तुम्ही पुन्हा योनावर उपदेश करा."

*

निकाल ऐकायला सगळे जेसीच्या दुकानाबाहेर जमले. उपास सूर्य मावळेपर्यंत होता, म्हणून आत बिस्किटांचे डबे उघडे असूनही कोणी हात लावत नव्हते. गिरणीच्या गावचा आकडा आधीच आला होता. क्रीलमन नव्वदांनी पुढे. कोणाला फिकीर नव्हती. आता आपला आकडा येईल आणि खेळ संपेल.

मास्तर स्वतः चालत आला. त्याचा चेहरा पाहूनच पुढची माणसे बाजूला सरली. तो पायरीवर चढला आणि कागदाकडे न पाहता म्हणाला, "न्यू टोल्स्टा. निकल्सन एकसष्ट. क्रीलमन अठ्ठ्याऐंशी."

"उलटं वाचलंस, मास्तर!" मागून कोणी तरी ओरडले.

"तीनदा मोजलंय."

खाली खाडीत होड्या एकमेकींवर आपटत होत्या ते ऐकू आले. माणसे एकमेकांकडे पाहत होती आणि लगेच नजर वळवत होती. केट-अ‍ॅनबाई लाल झाल्या. "अठ्ठ्याऐंशी?" त्या म्हणाल्या. "उपाशीपोटी टेकडी चढून आलात, ते यासाठी?" निकल्सन दुकानाच्या भिंतीला टेकून उभे होते. त्यांनी हॅट काढली आणि आत पाहिली, जणू तिथे काही पडले आहे.

तेवढ्यात आत टेलिफोन वाजला.

जेसीने उचलला. फ्रेंचमधली मोठी गडबड दारापर्यंत ऐकू येत होती. ती ओरडली, "सावकाश बोला हो, फादर! आकडा! नुसता आकडा!" मग ती ऐकत राहिली, पेन्सिलने लाकडी काउंटरवरच लिहू लागली, बेरीज केली, पुसली, पुन्हा केली. आणि पेन्सिल फेकून बाहेर आली.

"पेटिट आन्स! निकल्सन एकशे एकोणचाळीस, क्रीलमन आठ! आठ! पाळकसाहेब, चौदा मतांनी आलात तुम्ही!"

आधी एकच माणूस ओरडला, तो मेरी-बेलचा नवरा मॅक्डर्मिड. मग सगळेच. ज्या अठ्ठ्याऐंशींनी विरुद्ध मत दिले होते त्यांतलेही कोणी मागे राहिले नव्हते, आणि हेच निकल्सनना कळेना. लोक त्यांचे हात धरत होते, पाठ थोपटत होते. बायका रडत होत्या. "फादर काय म्हणाले, ठाऊक आहे?" जेसी म्हणाली. "म्हणाले, तुमचा माणूस आम्ही निवडून दिला, आता निदान डॉक्टर तरी कॅथलिक पाठवा!"

*

दुसरा दिवस पुरुषांचा. शुक्रवारी मंडळीतला एखादा ज्येष्ठ उठून धर्मजीवनातला एक प्रश्न मांडतो, मग पुरुष एकामागून एक उठून आपापल्या अनुभवातून त्यावर बोलतात, आणि शेवटी पाळक समारोप करतो. त्या दिवशी प्रश्न मांडायचा मान नॉर्मन मॅकऑलेंचा होता.

नॉर्मन उठले. "प्रश्न असा. ज्याला देवाचं बोलावणं आलंय आणि ज्याला नुसती हाव सुटलीय, त्या दोघांतला फरक ओळखायचा कशावरून?"

पुरुष बोलले. एकाने बायबलातला मोशे आणला, जो बोलावूनही जायला तयार नव्हता, एकाने हावेपायी बुडालेला शौल राजा. बांगडा धरणाऱ्या भावांपैकी थोरला म्हणाला, हाव असते तेव्हा माणूस जाळे रात्रीच तयार ठेवतो. कालच्याबद्दल कोणी अवाक्षर काढले नाही. आणि प्रत्येक जण बोलून बसताना पाळकांकडे चोरून पाहत होता.

समारोपाला निकल्सन उभे राहिले. त्यांनी बायबल उघडले नाही.

"मला उत्तर ठाऊक नाही," ते म्हणाले. "रिवाज मोडून मी तुम्हालाच विचारतो. एका माणसाला त्याच्याच लोकांनी नको म्हटलं, आणि परक्यांनी ये म्हटलं. त्याचा दोष काय, तेही सांगितलं नाही कोणी. त्याने काय समजायचं?"

बाकांवर हालचाल झाली. मग नॉर्मन पुन्हा उठले. प्रश्न मांडणारा सहसा दुसऱ्यांदा उठत नाही.

"नको कोणी म्हटलं नाही, पाळकसाहेब. दुसऱ्या मंडळीने आपल्या पाळकाला बोलावणं पाठवलं, तर आपल्या मंडळीने काय करायचं असतं? प्रेसबिटरीसमोर उभं राहून हरकत घ्यायची असते. आमचा पाळक आम्हाला हवाय, सोडणार नाही, असं सांगायचं असतं. जी मंडळी हरकत घेत नाही तिला पाळकाची किंमत नाही, असं धरतात. हे तुम्हीच शिकवलंत. यावेळी बोलावणं सरकारचं होतं, प्रेसबिटरीने हरकत घ्यायला जागाच ठेवली नव्हती. मग आम्ही ती शाळेत घेतली."

कोणी तरी खोकले. निकल्सन नॉर्मनकडे वळले.

"काल तुम्ही स्तोत्र वल्हवलंत," ते म्हणाले, "ते यासाठी? मला पाडायला?"

"पाचला दार बंद होणार होतं. मला उशीर करून चालणार नव्हतं." नॉर्मनच्या चेहऱ्यावरची एकही रेष हलली नाही. मग मागून कोणी तरी फिसकन हसले, आणि मग सगळे चर्च. शुक्रवारच्या आराधनेत असे कधी झाले नव्हते. गन यांनी खालच्या बाकावर रुमाल तोंडाला लावला होता.

नॉर्मन हशा ओसरेपर्यंत उभे राहिले.

"हरकत घेतली, ऐकली गेली, फेटाळली गेली. रीतीप्रमाणे झालं. त्यानंतर मंडळीने पाळकाला धरून ठेवायचं नसतं आणि पाळकाने मागे वळून बघायचं नसतं. जावं लागतं."

"आणि व्यासपीठ?" निकल्सन म्हणाले. "या हिवाळ्यात इथे कोण उभं राहणार, नॉर्मन?"

"ते आमचं आम्ही बघू," नॉर्मन मॅकऑले म्हणाले. "तुम्ही डॉक्टरचं बघा." आणि ते खाली बसले.